सख्र आणि दगडू : नावांच्या अर्थाचा पडताळा

मूल जन्माला आले की त्याच्या कानात अजान दिली जाते, सातव्या दिवशी जावळ काढतात, अकीका होतो आणि नाव ठेवले जाते. पूर्वी नाव सुचवण्याचा मान घरातल्या वडीलधाऱ्यांचा असे. दादा, नाना, फुफी, नाहीतर मशिदीतले पेशइमाम नाव सांगत आणि ते बहुधा घराण्यातल्याच कुणाचे तरी असे. त्याचा अर्थ कुणी विचारीत नसे. 'हे तुझ्या पणजीचे नाव' एवढा अर्थ पुरेसा होता.

गेल्या तीस-चाळीस वर्षांत ही रीत बदलली. नाव नवे हवे, मोहल्ल्यात दुसऱ्या कुणाचे नको, आणि त्याला छानसा अर्थ हवा, असा आग्रह सुरू झाला. ही गरज भागवायला 'इस्लामी नावे' अशा मथळ्याच्या पुस्तिका निघाल्या. मशिदीबाहेर, उरुसात, एसटी स्टँडवर त्या मिळू लागल्या. आता तेच सारे मोबाईलवर मिळते. एका बाजूला नाव, दुसऱ्या बाजूला अर्थ. नाव कोणत्या भाषेतले, कोणत्या अक्षरांनी लिहायचे, कोणत्या कोशात सापडते, इतिहासात कुणी धारण केले, यातले काहीही तिथे नसते. 'अल्लाहची देणगी', 'चमकता तारा', 'राजकुमारी' असे ठराविक अर्थ मात्र पानापानावर असतात.

आम्ही उर्दू माध्यमाच्या शाळेत शिकवतो. जून महिन्यात पहिलीचे प्रवेश सुरू झाले की जनरल रजिस्टर उघडून बसावे लागते. एकाच मुलाचे नाव उर्दूत एक, जन्मदाखल्यावर मराठीत दुसरे आणि आधार कार्डावर इंग्रजीत तिसरे, असे अनुभव आमच्या पेशातल्या प्रत्येकाला आहेत. पण त्याहून गंभीर बाब वेगळी आहे. पुस्तिकेतून आणलेल्या नावाचा आईबापांना अभिमान असतो आणि त्याच घरातल्या आजोबांचे नाव सांगताना ते संकोचतात. 'वालिदसाहेबांचे नाव जरा जुने आहे, गावठी आहे, इस्लामी नाही', असे आम्ही पुष्कळदा ऐकले आहे. हा संकोच रास्त आहे का? याचे उत्तर भावनेने देता येणार नाही, ते पडताळ्यानेच द्यावे लागेल. नावाचे मूळ आणि अर्थ तपासण्याची जुनी, शिस्तबद्ध विद्या आपल्याकडे आहे. तिच्या तीन परीक्षा आम्ही इथे मांडत आहोत.

पहिली परीक्षा : अक्षर

अरबी लिपी फारसीमार्गे उर्दूत आली तेव्हा अक्षरे सगळी आली, उच्चार मात्र सगळे आले नाहीत. 'स' या एका उच्चारासाठी उर्दूत से, सीन आणि स्वाद अशी तीन अक्षरे आहेत. 'ज़'साठी ज़ाल, ज़े, ज़्वाद आणि ज़ोय अशी चार. 'त'साठी दोन, 'ह'साठी दोन. ऐन आणि अलिफ अरबांच्या तोंडी वेगळे आहेत, आपल्या तोंडी एकच. काफ दोन आहेत, पण आपल्या दखनी बोलीत त्यातला मोठा काफ 'ख' होऊन बसला आहे. उर्दू लिहिताना अक्षर निवडावे लागते, म्हणून फरक टिकतो. देवनागरीत उतरताना तो पुसला जातो. म्हणून नावाचा अर्थ विचारण्याआधी 'हे उर्दूत कसे लिहिता?' हा प्रश्न विचारला पाहिजे.

'आसिम' हे नाव घ्या. ऐन आणि स्वादने लिहिले तर अर्थ राखणारा, संरक्षण करणारा. अलिफ आणि सेने लिहिले तर अर्थ गुन्हेगार, पापी. मराठीत दोन्ही 'आसिम'च. 'आसिया'चे तसेच. अलिफ-सीनची आसिया म्हणजे फिरऔनची ती ईमानदार बीबी, जिचे नाव हदीसमध्ये येते. ऐन-स्वादची आसिया म्हणजे आज्ञा मोडणारी. सहीह मुस्लिममधील हदीस आहे की हजरत उमर (र.) यांच्या एका मुलीचे नाव ऐन-स्वादचे 'आसिया' होते आणि पैगंबर (स.) यांनी ते बदलून 'जमीला' ठेवले. एका अक्षराने नाव किती पालटते याचा यापेक्षा मोठा दाखला देण्याची गरज नाही.

'सना' सेने लिहिली तर स्तुती, सीनने लिहिली तर तेज. दोन्ही चांगले, पण दोन वेगळे शब्द. 'कमर' मोठ्या काफने चंद्र, लहान काफने शरीराची कंबर. 'जोहरा' म्हणजे शुक्राची चांदणी आणि 'जहरा' म्हणजे तेजस्विनी, हजरत फातिमा (र.) यांचे बिरुद. मराठी यादीत या दोघींची सरमिसळ नेहमीची.

आता सध्याचे लाडके नाव 'अयान'. शाळेत एका वर्गात दोन-तीन तरी असतात. पुस्तिकांत याचा अर्थ सर्रास 'अल्लाहची देणगी' असा छापलेला असतो. कोशात पाहिले तर ऐनने सुरू होणारा 'अयान' म्हणजे उघड, स्पष्ट दिसणारे. 'बयान' आणि 'अयान' ही जोडी उर्दू वाचकांच्या ओळखीची आहे. ऐनच्या आधी अलिफ लावले तर 'अअयान', म्हणजे प्रतिष्ठित मंडळी. आणि नुसत्या अलिफने, 'य' दुहेरी करून लिहिले तर तो कुरआनमध्ये कयामतविषयी आलेला प्रश्नार्थक शब्द आहे. त्याचा अर्थ 'केव्हा?' या तिन्हींत देणगी कुठेच नाही. पहिल्या अर्थाने नाव चांगले आहे, जरूर ठेवावे. पण मग ते ऐननेच लिहिले पाहिजे आणि अर्थही तोच सांगितला पाहिजे.

अक्षराच्या परीक्षेत घाईने दुरुस्ती करणाऱ्यांसाठीही एक धडा आहे. रामपूरचे नवाब कल्बे अली खान (कारकीर्द 1865 ते 1887) यांच्या नावातला 'कल्ब' वाचून अनेकांना वाटते की तो मोठ्या काफचा, म्हणजे हृदय या अर्थाचा असणार. तसे नाही. तो लहान काफचा आहे आणि अर्थ कुत्रा असाच आहे. हजरत अलींच्या दारचा इमानी चाकर, ही त्यामागची नम्रतेची भावना. इथे 'शुद्धलेखन' केले तर नाव सुंदर होईल, पण ठेवणाऱ्याच्या मनातला भाव पुसला जाईल. पडताळा म्हणजे आपल्याला आवडेल तो अर्थ काढणे नव्हे.

दुसरी परीक्षा : माद्दा आणि भाषा

अरबी शब्द बहुधा तीन मूळ अक्षरांवर उभा असतो. त्यांना आम्ही वर्गात 'माद्दा' म्हणतो; मराठी व्याकरणात धातू म्हणतात तसेच. हे-मीम-दाल हा स्तुतीचा माद्दा. त्यातून हम्द, हामिद, हमीद, महमूद, अहमद आणि मुहम्मद. महमूद म्हणजे ज्याची स्तुती झाली तो, मुहम्मद म्हणजे ज्याची पुन्हा पुन्हा, विपुल स्तुती झाली तो. अक्षरे तीच, साचा बदलला की अर्थाची छटा बदलते. खरे अरबी नाव या हिशेबात बसते. जे बसत नाही ते बहुधा दुसऱ्या भाषेतले असते, किंवा कुठल्याच भाषेतले नसते.

दुसऱ्या भाषेतले असणे हा दोष नाही. 'जोया' हे नाव अरबी म्हणून सांगितले जाते, पण ते ग्रीकमधून रशियनमध्ये गेले आणि त्याचा अर्थ जीवन. गंमत अशी की आपल्या 'आयेशा'चा अर्थही तोच, जगणारी, जिवंत. 'सारा' हिब्रू आहे, अर्थ सरदारीण, राजस्त्री. अरबीत आनंदाचा जो माद्दा आहे, ज्यातून 'मसर्रत' होतो, त्याच्याशी तिचा उच्चार जुळतो म्हणून 'आनंद देणारी' हा अर्थ मागाहून जोडला गेला. 'समीर' संस्कृतात वारा आणि अरबीत रात्रीच्या गप्पांचा सोबती. दोन भाषांत दोन स्वतंत्र शब्द, योगायोगाने एकच उच्चार. एकाच गल्लीत एक समीर हिंदू असतो, एक मुसलमान, आणि दोघांचे नाव आपापल्या जागी अस्सल असते.

नुसता कुरआनमध्ये शब्द आहे म्हणून तो नाव म्हणून उचलण्याची चालही वाढली आहे. 'लारैब' हे नाव सूरह बकराच्या सुरुवातीच्या शब्दांतून घेतले आहे. त्याचा अर्थ 'शंका नाही'. ते वाक्यातले दोन शब्द आहेत, विशेषनाम नव्हे. सूरह फीलमधला 'अबाबील' हा शब्द आपण पक्ष्याचे नाव समजतो. मुळात त्याचा अर्थ 'थव्याथव्याने' असा आहे. कुरआनचा अदब राखायचा तर त्यातला शब्द तिथे काय काम करतो हे आधी समजून घेतले पाहिजे.

उलट, ज्यांच्या अर्थात काही 'छान' नाही अशी नावे इस्लामच्या इतिहासात सर्वांत आदराची आहेत. 'खदीजा'चा माद्दा दिवस भरण्याआधी जन्मण्याशी निगडित आहे. 'फातिमा'चा माद्दा अंगावरचे दूध तोडण्याचा. 'उस्मान'चा एक अर्थ कोशकार माळढोकाच्या जातीच्या पक्ष्याचे पिल्लू असा देतात. 'अबू हुरैरा' म्हणजे मांजराच्या पिल्लाचा बाबा. हजारो हदीस सांगणाऱ्या सहाबींची ओळखच त्या मांजरावरून झाली. पुस्तिका या नावांपुढे 'आदरणीय', 'विश्वासू', 'पवित्र' असे अर्थ छापतात. ते त्या व्यक्तींचे गुण आहेत, शब्दाचे अर्थ नव्हेत. बीबी खदीजा (र.) यांनी त्या नावाला मोठेपण दिले, नावाने त्यांना नाही.

आणखी एक गोष्ट. अब्दुल्लाह आणि आमिना ही पैगंबर (स.) यांच्या आईवडिलांची नावे. उमर, खालिद, खदीजा ही नावेही इस्लामपूर्व काळात ठेवलेली. ईमान आणल्यावर नाव बदललेच पाहिजे असा नियम तेव्हा नव्हता. ज्या नावात दुसऱ्या दैवताची बंदगी होती, किंवा अर्थ वाईट होता, तेवढीच बदलली गेली. बुखारी शरीफमध्ये 'हज्न' नावाच्या गृहस्थांची हकीकत आहे. हज्न म्हणजे खडकाळ जमीन. पैगंबर (स.) यांनी 'सहल', म्हणजे सपाट, सुलभ, हे नाव सुचवले. ते म्हणाले, वडिलांनी ठेवलेले नाव मी बदलणार नाही. स्वभावाचा खडबडीतपणा पुढे आमच्या घराण्यात राहिला, असे त्यांच्या नातवाने, थोर विद्वान सईद बिन मुसय्यब यांनी सांगितले आहे. पण नाव बदलण्याची सक्ती झाली नाही, हेही त्याच हकीकतीतून दिसते.

आणि खुद्द कुरआनमध्ये आलेली नावे? इब्राहीम, इस्माईल, इस्हाक, याकूब, यूसुफ ही नावे अरबी व्याकरणकार 'अजमी', म्हणजे परभाषेतली, मानतात. म्हणूनच ती व्याकरणात इतर अरबी नावांसारखी चालत नाहीत, हे मदरशाच्या पहिल्या-दुसऱ्या वर्षाचा विद्यार्थीही सांगेल. बाराव्या शतकात बगदादच्या जवालीकीने अरबीत आलेल्या परक्या शब्दांवर 'अल-मुअर्रब' हा स्वतंत्र ग्रंथच लिहिला. अरबांना आपल्या भाषेतले परके शब्द मान्य करण्यात कमीपणा वाटला नाही. तो आपल्यालाच का वाटावा?

तिसरी परीक्षा : इतिहास

शब्द कळला तरी नाव पूर्ण कळत नाही. ते कुणी, कधी, कोणत्या समजुतीने ठेवले हे पाहावे लागते.

आपल्याकडची निम्मी नावे अरबस्तानातून थेट आलेली नाहीत, ती इराणातून आली. परवेज, जमशेद, फिरोज, खुर्शीद, रुस्तम, सोहराब, शिरीन, नसरीन, यास्मिन ही सारी फारसी. यातली कितीतरी पारशी बांधवांतही जशीच्या तशी आहेत, कारण ती इस्लामपूर्व इराणची आहेत. 'जमशेद'चे जुने रूप अवेस्तातला 'यिम', म्हणजे वेदांतला यम. पुढचा 'शेद' म्हणजे तेजस्वी. 'खुर्शीद'मध्ये तोच तेजस्वी, आणि 'खुर' म्हणजे सूर्य. 'परवेज' हा सासानी बादशहा दुसरा खुस्रो (590 ते 628) याचा किताब, अर्थ विजयी. याच खुस्रोने पैगंबर (स.) यांचे पत्र फाडले अशी रिवायत आहे. त्यावरून काही उलेमा हे नाव नापसंत करतात. तरी परवेज नावाचे नमाजी प्रत्येक मशिदीत आहेत आणि ते नाव ठेवताना त्यांच्या आईबापांच्या मनात कोणताही बादशहा नव्हता.

'परवीन' फारसी आणि 'सुरैया' अरबी. दोन्ही एकाच तारकापुंजाची नावे, ज्याला मराठीत आपण कृत्तिका म्हणतो. 'सुहैल' म्हणजे अगस्त्याचा तारा. असद, हैदर, गजनफर अरबी, शेर फारसी, अर्सलान तुर्की. सगळ्यांचा अर्थ सिंह. 'बेगम' आणि 'खानम' तुर्की. 'अल्तमश' हे नाव तर वाचनाच्या चुकीतून जन्मले. दिल्लीचा सुलतान इल्तुतमिश (1211 ते 1236) याचे तुर्की नाव 'राज्य धारण केलेला' अशा अर्थाचे. फारसी लिपीत ऱ्हस्व स्वर लिहीत नाहीत, म्हणून ते पुढे अल्तमश असे वाचले गेले. तुर्कीत त्या उच्चाराचा शब्द आहे, पण त्याचा अर्थ साठ ही संख्या.

आता आपल्या दख्खनकडे येऊ. नावाच्या मुळाबद्दलचा सर्वांत गाजलेला वाद इथलाच आहे. 1347 साली दौलताबादेत हसन नावाच्या सरदाराने स्वतंत्र राज्य घोषित केले. ते बहमनी राज्य. 'बहमनी' हे नाव कशावरून? फरिश्ता सांगतो की हसन पूर्वी गंगू नावाच्या ब्राह्मणाकडे चाकरीला होता. त्या धन्याच्या स्मरणार्थ त्याने 'ब्राह्मण' हा शब्द नावात घेतला आणि त्याचे बहमनी झाले. ही गोष्ट आपण सगळे शाळेत शिकलो. गोष्ट गोड आहे, दोन समाजांना जोडणारी आहे, आणि म्हणून ती खरी असावीशी वाटते.

पण पडताळा काय सांगतो? फरिश्त्याने विजापूरच्या दरबारात सतराव्या शतकाच्या सुरुवातीला, म्हणजे घटनेनंतर सुमारे अडीचशे वर्षांनी लिहिले. हसनच्याच काळात, 1350 च्या सुमारास, इसामीने 'फुतूहुस्सलातीन' हे दीर्घ काव्य त्याला अर्पण केले. त्यात ही ब्राह्मणाची कथा नाही. नाण्यांवर त्याने स्वतःला 'बहमन शाह' म्हणवले आहे. बहमन हा इराणी वीरकथांतला राजा, इस्फंदियारचा मुलगा. हसनच्या घराण्याने आपला वंश त्याच्याशी जोडला. ती वंशावळ खरी मानायचे कारण नाही, नव्या राजघराण्यांना जुने पूर्वज लागतातच. मात्र नाव कोणत्या अर्थाने घेतले, याला नाणे हा साक्षीदार आहे आणि तो फरिश्त्याहून अडीचशे वर्षांनी जवळचा आहे. म्हणून आजचे इतिहासकार ब्राह्मणाची कथा स्वीकारत नाहीत. 'बहमन' शब्दाचे अवेस्ती मूळ 'वोहू मनः', म्हणजे चांगले मन. त्यातला 'मनः' आणि आपले 'मन' एकच. जोडणारा धागा आहे, पण तो गोष्टीतला नाही, भाषेतला आहे.

दुसरे नाव मलिक अंबर. मराठी माणूस 'अंबर' ऐकून आकाश समजतो. हा अंबर अरबी आहे, समुद्रात सापडणारे मौल्यवान सुगंधी द्रव्य. आपले अत्तार ते ओळखतात. एका डच व्यापाऱ्याच्या नोंदीत त्याचे हबशी नाव 'चापू' असे आहे. गुलामांना काफूर, अंबर, याकूत, संदल, रैहान अशी नावे देण्याची जुनी पद्धत होती. कापूर, सुगंध, माणिक, चंदन. धन्याच्या घरातल्या किमती वस्तूंची नावे. नवव्या-दहाव्या शतकातल्या इब्ने दुरैद (मृत्यू 933) या भाषापंडिताने अरबांच्या नावांच्या व्युत्पत्तीवर 'किताबुल इश्तिकाक' लिहिली. अरबांची नावे अर्थहीन आहेत असे हिणवणाऱ्यांना ते उत्तर होते. अरब आपल्या मुलांना शत्रूला धाक बसेल अशी कठोर नावे देत आणि गुलामांना मात्र कानाला गोड लागणारी, या जुन्या रीतीचा खुलासा त्यात आहे. म्हणजे नुसता सुंदर अर्थ हा मानाचा पुरावा नव्हे. अंबर या नावात एके काळी विकल्या गेलेल्या मुलाचा इतिहास आहे. त्या मुलाने पुढे निजामशाही सांभाळली, मोगलांना वर्षानुवर्षे झुंजवले. 1626 मध्ये तो वारला, खुलताबादला त्याची कबर आहे. त्याच नावाने.

तिसरे नाव चांदबीबी. 1595-96 मध्ये अहमदनगरचा किल्ला लढवणारी ही निजामशहाची मुलगी आणि आदिलशहाची बीबी. दोन्ही शाही घराणी मुसलमान, दरबारची भाषा फारसी. नाव मात्र 'चांद', संस्कृत चंद्रापासून प्राकृतमार्गे आलेला देशी शब्द. 'कमर' किंवा 'माह' त्यांना ठाऊक नव्हते असे थोडेच? तरी मुलीचे नाव चांद राहिले आणि त्यात कुणाला काही उणे वाटले नाही.

देवाणघेवाण उलट दिशेनेही झाली. मालोजी भोसल्यांनी अहमदनगरच्या शाह शरीफ या पीराच्या दुव्याने झालेल्या मुलांची नावे शहाजी आणि शरीफजी ठेवली, अशी परंपरा आहे. ते शरीफजी 1624 च्या भातवडीच्या लढाईत मलिक अंबरच्या बाजूने लढताना पडले. फडणीस, चिटणीस, पोतनीस या आडनावांतला 'नीस' फारसी 'नवीस', म्हणजे लिहिणारा. माधव ज्यूलियनांनी 1925 साली फार्शी-मराठी कोश केला, तो चाळला तरी मराठी घरांत किती फारसी नांदते हे दिसते. दौलतराव आणि साहेबराव यांना कुणी परके म्हणत नाही. मग चांदभाई आणि हिराबी यांनाच परके का म्हणायचे?

सख्र आणि दगडू

आता त्या आजोबांच्या नावाकडे येऊ.

आपल्या खेड्यापाड्यांत दगडू, धोंडू, लालू, गुलाब, बाबू, बापू, चांद, हिराबी, रतनबी, मैनाबी, सोनाबी ही नावे मुसलमानांत पिढ्यान् पिढ्या आहेत. ज्या घरात मुले जगत नसत तिथे पुढच्या मुलाला दगडू, धोंडू म्हणत. नजर लागू नये, मृत्यूने दगड समजून सोडून द्यावे, ही त्यामागची समजूत. ही रीत सर्व जातीधर्मांच्या मराठी घरांत होती. समजूत चुकीची म्हणता येईल. अल्लाहवर भरवसा ठेवावा, नावाच्या टोटक्यावर नाही, असे कुणी म्हटले तर तेही योग्यच. पण त्या नावात एका आईच्या दोन-तीन गेलेल्या बाळांचा शोक आहे. पुस्तिकेतल्या एकाही नावात एवढा इतिहास नाही.

आणि शब्दाचे म्हणाल तर अरबीत 'सख्र' म्हणजे मोठा दगड, धोंडा. हे अरबांतले प्रतिष्ठित नाव. कुरैशचे सरदार अबू सुफियान यांचे मूळ नाव सख्र बिन हर्ब. मर्सियांसाठी प्रसिद्ध असलेली कवयित्री खन्सा जिच्यासाठी आयुष्यभर रडली, त्या तिच्या भावाचेही नाव सख्र. अर्थाने सख्र आणि दगडू एकच. तरी एका बाळाचे नाव आज सख्र ठेवले तर घरचे कौतुकाने सांगतील, आणि दगडूमियाँच्या नातवाला मात्र रजिस्टरमध्ये आजोबांचे नाव लिहायला लाज वाटेल. याचा अर्थ आपण नाव अर्थावरून जोखत नाही, धर्मावरूनही जोखत नाही. ते परक्या भाषेतले वाटते की आपल्या भाषेतले, यावरून जोखतो. आपल्या भाषेतले असेल तर हलके. हा न्याय इस्लामचा नाही. आपल्याच मातीविषयी मनात बसलेला हा न्यूनगंड आहे.

शाहीर अमर शेख (1916 ते 1969) बार्शीचे. मूळ नाव मेहबूब हुसेन पटेल. 'अमर' संस्कृत, 'शेख' अरबी, आणि दोन्ही मिळून महाराष्ट्राच्या कानाकोपऱ्यात गाजलेले एक मुस्लिम मराठी नाव. त्याचे मूळ कुणी एका भाषेत शोधू लागला तर त्याला अर्धेच नाव सापडेल.

नवे नाव ठेवू नये, असे आमचे म्हणणे नाही. चांगले नाव हा मुलाचा आईबापांवरचा हक्क आहे आणि वाईट अर्थाचे नाव बदलावे, हे तर सुन्नतनेच शिकवले आहे. आमचे म्हणणे एवढेच की 'नाव सोनुबाई, हाती कथलाचा वाळा' असे होऊ नये. नाव ठेवण्याआधी तीन प्रश्न विचारावेत. उर्दूत कोणत्या अक्षरांनी लिहायचे? शब्द कोणत्या भाषेतला, आणि अरबी असेल तर माद्दा कोणता? हे नाव आधी कुणी धारण केले होते? पहिल्या प्रश्नाला मोहल्ल्यातले कोणतेही उर्दू शिक्षक किंवा मौलवीसाहेब उत्तर देतील. दुसऱ्यासाठी कोश आहेत. प्लॅट्सच्या 1884 च्या उर्दू कोशात शब्द अरबी, फारसी, संस्कृत की तुर्की ही खूण केलेली असते, मोल्सवर्थच्या मराठी कोशातही असते. ज्या नावाचा कोशात पत्ता नाही आणि ज्याचा अर्थ फक्त पुस्तिकेत आहे, ते नाव आवाज म्हणून गोड वाटले तर खुशाल ठेवावे, पण त्याला अरबी किंवा कुरआनी म्हणून मिरवू नये.

तिसऱ्या प्रश्नाचे उत्तर मात्र कोणत्याही कोशात नाही, ते घरातल्या म्हाताऱ्या माणसांजवळ आहे. निकाहनामे, शेताचे सातबारे, जुने दाखले, कबरीवरच्या पाट्या आणि दादी-नानीची आठवण यांत पाच-सहा पिढ्यांची नावे अजून मिळतील. दिवाळीच्या नाहीतर उन्हाळ्याच्या सुट्टीत मुलांना एक वही द्यावी आणि घराण्यातली सगळी नावे, ती कुणी ठेवली आणि का ठेवली यासकट, उर्दूत आणि मराठीत लिहून काढायला सांगावीत. आमच्या शाळेत आम्ही हा गृहपाठ देतो. त्या वह्यांत सुलताना आणि फातिमाच्या शेजारी मैनाबी असते, मोहम्मद हनीफच्या वडिलांच्या जागी धोंडू असतो. ती नावे जशी बोलली जात तशीच लिहावीत. त्यांना सुधारून अरबी करू नये.